पर्सिमन : तुरटपणाचा हिशेब

पर्सिमन हे नाव मराठी वाचकाला परके वाटले, तरी या झाडाचे गोत्र परके नाही. विदर्भातील जंगलांत जिची पाने विडीसाठी तोडली जातात ती टेंभुर्णी, ज्याचे काळेभोर लाकूड कोरीव कामासाठी आणि वाद्यांसाठी नावाजलेले आहे ते आबनूस, आणि हिवाळ्याच्या तोंडाशी मुंबई-पुण्याच्या फळबाजारात केशरी टोमॅटोसारखे रचलेले दिसते ते पर्सिमन, ही सारी झाडे डायोस्पायरॉस या एकाच प्रजातीतील, म्हणजे निकटचे नाते असलेल्या वनस्पतींच्या एकाच गटातील आहेत. टेंभुर्णीचे फळ पर्सिमनशेजारी ठेवले, तर आकार आणि रंग यांतील फरक बाजूला सारून एक खूण लगेच नजरेत भरते : दोन्ही फळांच्या देठाशी फुलाचा निदलपुंज, म्हणजे पाकळ्यांखालचा पानासारखा घेर, फळ पिकेपर्यंत टोपडे घातल्यासारखा टिकून राहतो. दुसरी खूण जिभेला पटते. दोन्ही फळे कच्ची खाल्ली की तोंड आवळून येते. बागेत पर्सिमन लावण्याचा सारा विचार या दुसऱ्या खुणेभोवतीच फिरतो, कारण जमीन, पाणी आणि छाटणी यांच्या बाबतीत हे झाड बरेच काही सोसते, परंतु रोप निवडताना तुरटपणाचा हिशेब चुकला तर पुढे कितीही मशागत केली तरी ती चूक भरून निघत नाही.

फळाचे नाव आणि फळ यांचे उगम दोन वेगवेगळ्या खंडांतील आहेत. ‘पर्सिमन’ हा शब्द उत्तर अमेरिकेतील व्हर्जिनियाच्या किनाऱ्यावर राहणाऱ्या पाउहाटन लोकांच्या भाषेतून इंग्रजीत गेला असून तो तेथील रानटी जातीचा, म्हणजे डायोस्पायरॉस व्हर्जिनियाना हिचा आहे. सतराव्या शतकाच्या आरंभी तेथे वसाहत करणाऱ्या इंग्रजांनी हे फळ कच्चे चाखून त्याच्या तुरटपणाविषयी तक्रारी नोंदवून ठेवल्या आहेत. बाजारात मिळणारे मोठे फळ मात्र मूळच्या चीनमधील डायोस्पायरॉस काकी या जातीचे आहे. ही जात चीनमधून जपान व कोरियात पसरली, आणि जपानी लोक फळाला ज्या नावाने ओळखतात तेच ‘काकी’ हे नाव शास्त्रीय नावातही कायम झाले. मराठी कानाला हे नाव नात्यातले वाटते, पण तो निव्वळ योगायोग आहे. तिसरी जात डायोस्पायरॉस लोटस ही पश्चिम आशियापासून हिमालयापर्यंत आढळते, काश्मीर व हिमाचलात तिला अमलोक म्हणतात, तिची फळे बोराएवढी असतात आणि बागायतदाराला ती मुख्यतः कलमासाठी लागणारा खुंट म्हणून उपयोगी पडते.

तुरटपणा ही गोड, आंबट किंवा खारट यांसारखी जिभेवरच्या रुचिकलिकांना कळणारी चव नव्हे, असे आधुनिक शरीरशास्त्र मानते. आयुर्वेदाने कषाय हा सहावा रस मानला असला, तरी त्यामागची क्रिया स्पर्शाची आहे. पर्सिमनच्या गरात टॅनिन नावाच्या द्रव्याने भरलेल्या मोठ्या पेशी विखुरलेल्या असतात, फळ चावताच त्या फुटतात आणि त्यांतील विद्राव्य, म्हणजे पाण्यात विरघळणारे टॅनिन लाळेतील प्रथिनांना चिकटून त्यांचा साका करते, त्यामुळे लाळेचा बुळबुळीतपणा जातो आणि जीभ व गाल कोरडे पडून आवळल्यासारखे होतात. या क्रियेत ‘विद्राव्य’ हा शब्द निर्णायक आहे. टॅनिन फळातून नाहीसे व्हावे लागत नाही. त्याचे रेणू एकमेकांना जोडले जाऊन ते न विरघळणारे झाले की जिभेला ते जाणवतच नाही, आणि आधीपासून फळात असलेली साखर मोकळेपणी कळू लागते. थोडक्यात, कच्चे तुरट पर्सिमन अगोड नसते, त्याची गोडी फक्त झाकलेली असते.

या झाकलेल्या गोडीच्या आधारे बागायती शास्त्रात काकीच्या वाणांचे चार गट पाडले जातात, आणि ही वर्गवारी किचकट वाटली तरी घरच्या बागेसाठी तीच सर्वांत उपयोगाची आहे. पहिल्या गटातील वाण परागीभवन, म्हणजे नरफुलातील परागकण मादीफुलापर्यंत पोहोचणे, घडो वा न घडो, नेहमीच तुरटपणारहित असतात, कारण त्यांच्या फळांत टॅनिन साठण्याची क्रिया फळ लहान असतानाच थांबते आणि फळ वाढत जाईल तसे साठलेले टॅनिन विरळ होत जाते. जपानच्या गिफू प्रांतातला फूयू आणि त्याच्याच बरोबरीने लावला जाणारा जिरो हे या गटातील प्रसिद्ध वाण असून त्यांची चपटी फळे सफरचंदासारखी करकरीत असतानाच कापून खाता येतात. याच्या उलट टोकाला, परागीभवन होवो वा न होवो, नेहमीच तुरट राहणारा गट आहे, आणि टोकदार, आकाराने बैलाच्या हृदयासारखा दिसणारा हाचिया हा त्याचा नमुना मानता येईल. तो पूर्ण मऊ होऊन सालीआड जेलीसारखा लिबलिबीत झाल्याशिवाय खाण्याजोगा होत नाही, पण त्या अवस्थेत चमच्याने खाल्लेल्या हाचियाची चव फूयूपेक्षा कितीतरी खोल असते, हे जाणकारांचे मत रास्त आहे.

मधले दोन गट अधिक मनोरंजक आहेत, कारण त्यांचा तुरटपणा बियांवर अवलंबून असतो. या वाणांच्या फळात बी धरले की ते वाढताना अल्कोहोल आणि त्यापासून होणारे ॲसिटाल्डिहाइड हे द्रव्य सोडते, हे द्रव्य भोवतालच्या टॅनिनचे रेणू एकमेकांना जोडून टाकते, आणि त्या जागचा गर तपकिरी पडून गोड लागू लागतो. ज्या वाणांच्या बिया हे द्रव्य भरपूर सोडतात त्यांचे फळ आतून सारेच तपकिरी आणि गोड होते, तर ज्यांच्या बिया ते थोडे सोडतात त्यांचा फक्त बीभोवतालचा गर गोड होऊन बाकीचे फळ तुरट राहते. पहिल्या प्रकारचा झेन्जिमारू हा वाण इ. स. १२१४ मध्ये आजच्या कावासाकी शहराच्या हद्दीतील ओझेन्जी या मंदिराच्या परिसरात सापडल्याचे जपानी परंपरा सांगते आणि तो जपानमधील सर्वांत जुना गोड वाण समजला जातो. दुसऱ्या प्रकारात इस्राएलमध्ये ‘शॅरन’ या नावाने विकला जाणारा ट्रायम्फ आणि स्पेनमधील व्हॅलेन्सिया भागातला रोहो ब्रियान्ते हे येतात. ही फळे बिनबियांची असल्याने झाडावरून उतरवताना तुरटच असतात आणि कार्बन डायऑक्साइड वायूने भरलेल्या बंद खोल्यांत ठेवून त्यांचा तुरटपणा काढला जातो. यावरून एक व्यावहारिक गोष्ट निघते. फूयूसारख्या वाणांना बहुधा फक्त मादीफुले येतात आणि परागीभवनाशिवायही फळ धरते, ज्याला अनिषेकफलन म्हणतात, म्हणून एकटे झाड लावले तरी चालते. मात्र शेजारच्या अंगणात नरफुले येणारे झाड असले, तर आपल्या झाडाच्या फळांत बिया येतील आणि मधल्या गटातील वाण असेल तर त्याची चवही बदलेल. बागेचे कुंपण मधमाश्यांना मान्य नसते.

बी रुजवून झाड करण्याचा मोह येथे टाळलेलाच बरा. काकीच्या पेशीत गुणसूत्रांचे सहा संच असतात, आणि जपानी गोड वाणांचा तुरटपणारहित गुण हा अप्रभावी, म्हणजे जोडीला वेगळा गुण आला की दबून जाणारा असल्याने, तो उमटण्यासाठी सहाही संचांत तोच गुण यावा लागतो. त्यामुळे फूयूच्या फळात बी धरले, तरी त्याला परागकण दुसऱ्या वाणाचे मिळालेले असल्याने त्या बीपासून वाढलेले झाड बहुधा तुरट फळेच देते. शिवाय वाट पाहावी लागते ती वेगळीच. पीच आणि चेस्टनट तीन वर्षांत, काकी मात्र आठ वर्षांत, अशा अर्थाची एक जपानी म्हण आहे आणि ती बियांच्या झाडांना बऱ्यापैकी लागू पडते. कलमी झाड साधारण तीन ते पाच वर्षांत फळावर येते. म्हणून घरच्या बागेसाठी खात्रीच्या रोपवाटिकेतून, वाणाचे नाव आणि खुंटाचे नाव या दोन्हींची विचारणा करून कलमच घ्यावे. खुंट म्हणजे ज्याची मुळे राहतात तो खालचा भाग. अमलोकचा खुंट थंडी सोसतो व जोमाने वाढतो, पण फूयूसारख्या काही गोड वाणांचे कलम त्याच्यावर नीट सांधत नाही आणि काही वर्षांनी झाड खंगते, हा अनुभव अनेक देशांतील बागायतदारांना आलेला आहे. अशा वाणांसाठी काकीच्याच बियांवर वाढवलेला खुंट अधिक भरवशाचा ठरतो.

हवामानाचा प्रश्न मराठी वाचकाच्या दृष्टीने सर्वांत नाजूक आहे. काकी हे पानगळीचे, समशीतोष्ण आणि उपोष्ण हवामानाच्या सीमेवर सुखाने राहणारे झाड आहे. हिवाळ्यात त्याला विश्रांती लागते, परंतु सफरचंदाला लागते तितकी थंडी त्याला लागत नाही. ७ अंश सेल्सिअसच्या खाली शंभर-दोनशे तास गेले तरी बहुतेक वाणांचे भागते. सुप्तावस्थेतील झाड उणे १२ अंशांच्या आसपासची थंडी सोसते, अमेरिकी रानटी जात तर उणे २५ अंशांपर्यंत तग धरते. त्यामुळे जपानच्या खेड्यांतील अंगणे, कॅलिफोर्नियातील घरांची परसे आणि भारतात हिमाचल प्रदेशातील कुलू-मंडीचा पट्टा, उत्तराखंड, काश्मीर आणि दक्षिणेत निलगिरीवरील कुन्नूरचा परिसर ही त्याची मानवलेली ठिकाणे आहेत. अमेरिकेत कृषी खात्याने १८७० च्या सुमारास जपानहून कलमे आणून ती कॅलिफोर्निया व जॉर्जियात वाटली. भारतात हे झाड विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत युरोपीय बागायतदारांनी आणले आणि हिमाचलात त्याला आजही ‘जापानी फल’ म्हणतात. तेथे सफरचंदाचा हंगाम ओसरल्यावर ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये हे फळ हाती येते, हा त्याचा मोठा गुण आहे.

महाराष्ट्राविषयी गोडवे गाण्यात अर्थ नाही. निफाडसारख्या ठिकाणी डिसेंबर-जानेवारीत काही रात्री पारा बराच खाली उतरतो, परंतु त्याच भागात एप्रिल-मेचे ऊन पाने करपवते आणि फळांच्या सालीवर चट्टे पाडते. महाबळेश्वरची उंची १,३०० मीटरहून अधिक असल्याने उन्हाळा सौम्य असतो, पण तेथला धो धो पाऊस आणि महिनोन्‌महिने भिजलेली जमीन या झाडाच्या मुळांना मानवण्यासारखी नाही. कोकण आणि गोवा यांचा तर विचारच नको, कारण तेथे झाडाला हिवाळा म्हणून काही कळतच नाही. हौस म्हणून एखादे झाड वाढेल, परंतु फळाच्या भरवशावर या प्रदेशात पर्सिमन लावणे शहाणपणाचे नाही. कॅलिफोर्नियात स्थायिक झालेल्या मराठी कुटुंबांची गोष्ट निराळी : तेथे घर घेताना परसात जुने काकीचे झाड आयतेच मिळण्याची शक्यता मोठी असते, आणि ते कोणत्या गटाचे आहे हे फळांच्या आकारावरून ताडणे हेच पहिले काम ठरते. न्यू जर्सीच्या उत्तर भागात मात्र काकीपेक्षा अमेरिकी जात किंवा तिचा काकीशी केलेला संकर अधिक सुरक्षित.

लागवडीची वेळ झाड झोपेत असतानाची, म्हणजे हिवाळ्याच्या अखेरीची असते. थंड देशांत पानगळीची झाडे मातीशिवाय उघड्या मुळांनी विकली जातात आणि पर्सिमनची मुळे मुळातच काळी असल्याने अनोळखी माणसाला ती कुजलेली वाटतात. ती तशी नसतात. त्याचे सोटमूळ लांब असते आणि तंतुमुळे कमी, म्हणून खड्डा रुंदीपेक्षा खोलीला जपून घ्यावा, मूळ वाकवून कोंबू नये, आणि खड्ड्यात खत टाकण्याऐवजी उकरलेलीच माती परत भरून वरून पालापाचोळ्याचे आच्छादन द्यावे. दोन झाडांत पाच-सहा मीटर अंतर पुरते. लावल्यानंतर कितीतरी दिवस डोळे फुटत नाहीत, शेजारचा पीच फुलून पालवतो तरी पर्सिमन काठीसारखे उभे असते, आणि याच टप्प्यावर अनेक जिवंत झाडे मेली समजून उपटली जातात. साल नखाने किंचित खरवडून आत हिरवे दिसले की वाट पाहावी. उशिरा पालवण्याच्या याच सवयीमुळे वसंतातल्या अवेळी पडणाऱ्या हिमकणांतून ते बहुधा वाचते.

छाटणीत एकच नियम न चुकता पाळावा लागतो. पर्सिमनची फळे चालू वर्षाच्या नव्या फुटव्यांवर येतात, परंतु ते फुटवे मागील वर्षाच्या फांदीच्या शेंड्याकडील दोन-तीन डोळ्यांतून निघतात. म्हणून मेंदीच्या कुंपणासारखे सगळ्या फांद्यांचे शेंडे कातरणाऱ्याला त्या वर्षी फळ मिळत नाही. पहिली तीन-चार वर्षे झाडाला ठेंगणा, मजबूत सांगाडा द्यावा, नंतर दाटी करणाऱ्या फांद्या मुळापासून काढाव्यात आणि शेंडे राखावेत. लाकूड कठीण असले तरी ठिसूळ असते, त्यामुळे फळांनी लगडलेली फांदी वाकत नाही, एकदम मोडते. (याच कठीणपणामुळे अमेरिकी पर्सिमनच्या लाकडाचे गोल्फच्या काठ्यांचे ठोकळे विसाव्या शतकात धातूचे ठोकळे येईपर्यंत बनत असत.) भरघोस फळाच्या वर्षामागून रिकामे वर्ष येण्याची, म्हणजे आड वर्षी बहर धरण्याची प्रवृत्तीही या झाडात आहे, आणि दोन्ही तक्रारींवर लहानपणीच फळांची विरळणी करणे हाच उपाय आहे. झाड स्वतःही कोवळी फळे मोठ्या प्रमाणात गाळते. हे पाहून घाबरून नत्रयुक्त खताचा मारा केला तर गळ वाढते, कमी होत नाही. पाण्याचा अनियमितपणाही गळीला कारण होतो. त्याहून जास्त काळजी या झाडाला लागत नाही, पाणी साचणारी जमीन एवढी टाळावी.

फळ उतरवताना ते ओढू नये, निदलपुंज फळाला राहील अशा रीतीने कात्रीने देठ कापावा. गोड गटातील फळ पुरते केशरी झाले की त्याच दिवशी खाता येते. तुरट गटातील फळासाठी मात्र माणसाने अनेक युक्त्या शोधल्या असून त्या साऱ्या एकाच रासायनिक क्रियेची रूपे आहेत. पिकलेल्या केळ्याबरोबर किंवा सफरचंदाबरोबर कागदी पिशवीत ठेवले की त्यांतून निघणाऱ्या इथिलीन वायूने फळ मऊ पडून तुरटपणा जातो. जपानी गृहिणी फळांच्या निदलपुंजावर शोचू ही देशी दारू लावून ती आठवडाभर घट्ट बंद पिशवीत ठेवतात. आत तयार होणारे ॲसिटाल्डिहाइड झेन्जिमारूच्या बिया करतात तेच काम बाहेरून करते आणि फळ करकरीत असतानाच गोड होते. सर्वांत जुनी आणि सर्वांत देखणी रीत वाळवण्याची आहे : साल काढून, देठाला दोरी बांधून फळे ओसरीच्या आढ्याला टांगतात, वरची बाजू सुकली की ती बोटांनी अलगद दाबून मऊ करतात, आणि काही आठवड्यांनी फळावर पांढरी भुकटी उमटते. ती बुरशी नसून फळातून बाहेर आलेली साखरच असते. जपानमध्ये या सुक्या फळाला होशिगाकी आणि कोरियात गोत्गाम म्हणतात.

ज्या तुरटपणाला टाळण्यासाठी एवढा खटाटोप, त्याचाही माणसाने उपयोग करून घेतला आहे. कच्ची फळे कुटून आंबवलेला रस, काकीशिबू, जपानमध्ये कागद, कापड आणि लाकूड यांना पाण्यापासून वाचवण्यासाठी शतकानुशतके वापरला गेला; बंगालमध्ये याच प्रजातीतील गाब या झाडाच्या कच्च्या फळांचा रस होड्यांच्या फळ्यांना आणि मासेमारीच्या जाळ्यांना त्याच कारणासाठी लावला जात असे. दोन दूरच्या देशांतील लोकांनी एकमेकांना न विचारता एकाच टॅनिनला एकाच कामाला जुंपले, हे लक्षणीय आहे. पोटात गेलेले टॅनिन मात्र उपद्रवी ठरू शकते : जठरातील आम्लामुळे त्याचा आणि फळातील तंतूंचा कठीण गोळा बनल्याची उदाहरणे वैद्यकात नोंदलेली आहेत, म्हणून कच्चे तुरट फळ, विशेषतः त्याची साल, उपाशीपोटी भरपूर खाऊ नये आणि जठराची शस्त्रक्रिया झालेल्यांनी अधिक सावध राहावे.

जपानी खेड्यांत सगळी फळे उतरवून झाल्यावर शेंड्यावरचे एखादे फळ मुद्दाम ठेवतात, त्याला किमामोरी म्हणजे झाडाचा राखणदार म्हणतात. कोरियातही असे फळ पक्ष्यांचा वाटा समजले जाते. पाने झडलेल्या काळ्या फांद्यांवरचे ते केशरी फळ हिवाळ्यातल्या अंगणाची खूण असते.

मुंबई-पुण्यात पर्सिमन विकत घेणाऱ्याला झाड लावता आले नाही तरी वरचा हिशेब उपयोगी पडतो. बूड सपाट आणि अंग चपटे असेल तर ते फळ बहुधा फूयूसारखे असते आणि एक लहान फोड चाखून लगेच कापता येते. टोकदार असेल तर ते केळ्यांच्या फणीशेजारी ठेवून हाताला पाण्याच्या फुग्यासारखे लागेपर्यंत थांबावे, त्याआधी सुरी लावू नये.